बांगबाईंनी सांगितलेला खर्च

आमच्या दवाखान्यात पहिल्यांदा येणारी प्रत्येक बाई आधी बांगबाईंच्या चेहऱ्याकडे टक लावून बघायची. बघणारच. शहराच्या आपगुजंग भागातल्या त्या रस्त्यावर एका इमारतीच्या चार मजल्यांवर चेहरा बदलून देणारे चार डॉक्टर, आणि प्रत्येकाकडे खर्च समजावून सांगणारी एक बाई. ही बाई म्हणजे त्या दवाखान्याची चालतीबोलती जाहिरात. बांगबाई मात्र अठ्ठावन्न वर्षांच्या होत्या आणि अठ्ठावन्नच्याच दिसायच्या. "तुम्ही स्वतः काय करून घेतलंय हो?" असं कुणी विचारलंच, तर त्या कपाळाला बोट लावून म्हणायच्या, "या आठ्या. फुकटात झाल्या आणि सूजही आली नाही."

मी तिथे नर्स होते. अकरा वर्षं आमची टेबलं एकाच भिंतीला लागून होती. दवाखान्यात येण्याआधी बांग ह्ये-सुक यांनी एका मोठ्या दुकानात बारा वर्षं बायकांचे बूट विकले होते. गुडघे टेकून गिऱ्हाइकाच्या पायात बूट चढवायचा आणि वर बघून सांगायचं, "दिसतोय छान, पण करंगळीला चावेल." तिथल्या साहेबाने त्यांना तोंड आवरायला सांगितलं. तोंड काही आवरलं नाही, दुकान तेवढं सुटलं.

आमच्याकडे आल्यावरही त्यांनी तेच चालू ठेवलं. समोर एक कोरा कागद घ्यायच्या. पुढच्या बाजूला पैसे लिहायचे. डॉक्टरांचे अमुक, भुलीचे वेगळे, औषधांचे वेगळे, त्यावर कर. जाहिरातीत बघितलेला आकडा कुणी पुढे केला, की म्हणायच्या, "तो दाराबाहेरच्या पायरीचा भाव. घर आत आहे." एवढं इतर दवाखान्यांतल्या बायकाही कमीजास्त सांगतात. बांगबाई नंतर कागद उलटा करायच्या. मागच्या बाजूला एकही आकडा वॉनमध्ये, म्हणजे पैशांत, नसायचा. किती दिवस घराबाहेर पडता येणार नाही, उशाला दोन उशा घेऊन किती रात्री झोपायचं, केस धुवायला घरात कोण आहे, वण लाल किती महिने राहतो, मनासारखं झालं नाही तर पुन्हा हात लावायला किती थांबावं लागतं आणि तेव्हा कोण कोणाला ओळखेनासं होतं, असं सगळं बारीक अक्षरात. आणि एक प्रश्न त्या सगळ्यांना विचारायच्या, "तुमच्याकडे रोज बघतं कोण?"

जबड्याचं हाड घासून घ्यायला आलेली एक बावीस वर्षांची पोरगी हा मागचा कागद वाचून रडत निघून गेली. नोकरीच्या अर्जावर लावायचा फोटो चांगला यावा म्हणून आली होती. एक महिना पेज प्यायची आणि खालचा ओठ कदाचित कायमचा बधिर, हे तिला आधी कुणी सांगितलंच नव्हतं. आमचे डॉक्टर प्यो चिडले. "बांगबाई, पुढच्या बाजूलाच थांबत जा ना जरा! मी सर्जन आहे का तुमचा शत्रू?" दोन वर्षांनी तीच पोरगी दोन मैत्रिणी घेऊन पापण्यांसाठी आली, तेव्हा डॉक्टरांनीच त्यांना बांगबाईंच्या टेबलाकडे पाठवलं.

मी त्यांना काही देव्हाऱ्यात बसवत नाही. प्रत्येक शस्त्रक्रियेमागे त्यांनाही वाटा मिळायचा आणि तो त्या हसत घ्यायच्या. शिवाय मोठी खोड म्हणजे एकदा कागद भरला की त्यात काही राहून गेलं असेल, हे त्यांना पटायचंच नाही. "माझ्या हातून सुटलंय का कधी काही?" असं त्या मला विचारायच्या आणि मीही मान हलवून नाही म्हणायचे.

एका शरद ऋतूत ओक-बुन आजी आल्या. वय एकोणऐंशी. बरोबर थोरला मुलगा ग्यू-तेक, त्याची बायको आणि धाकटी मुलगी. नातवाचं लग्न महिन्यावर आलेलं, आणि मुलांनी वर्गणी काढून आईच्या पापण्या उचलून द्यायचं ठरवलेलं. आमच्याकडे आता ही भेट साठी-सत्तरीच्या जेवणाइतकी नेहमीची झाली आहे. "मुलांनी डोळे करून दिले" असं म्हातारे गल्लीभर सांगत फिरतात. फक्त भेट घेताना तीनदा नको म्हणायचं असतं. पहिल्याच फटक्यात हो म्हणणारी आई हावरट दिसते, आणि दुसऱ्या नकोला थांबणारी मुलं कंजूष दिसतात.

आजींच्या पापण्या खरोखरच खाली आल्या होत्या. समोरचं दिसावं म्हणून त्या मान मागे टाकून हनुवटी वर करून बघायच्या. उन्हाळ्यात बसच्या पायरीवरून पडून मनगट दुखावलं होतं.

"नको रे बाबा. एवढा खर्च कशाला? माझे दिवस ते किती राहिलेत मेले," आजी म्हणाल्या.

"आई, एवढं लग्न आहे घरात," सून म्हणाली.

"लग्न त्याचं आहे. मला कोण बघतंय? नकोच."

ग्यू-तेक हसून म्हणाला, "बाई, दोन नको झाले. एक बाकी आहे. तो झाला की लिहायला घ्या."

सगळे हसले. मी हसले. बांगबाईही हसल्या, आणि पेनाचं टोपण काढलं.

फोटो काढायला मी आजींना आतल्या खोलीत नेलं. भिंतीला पाठ लावून उभ्या राहिल्या, आणि मी कॅमेरा नीट करत असताना हळूच म्हणाल्या, "पोरी, नको गं हे."

"आजी, घाबरू नका. झोपवूनच करतात."

"दुखण्याचं नाही गं. आमचे हे आहेत ना, नामयांगजूच्या वृद्धाश्रमात. विसरले सगळं. ग्यू-तेकला बँकेतला माणूस समजतात. मला तेवढं ओळखतात. दोन वर्षं झाली, रोज साडेदहाची बस धरते आणि जाऊन पेज भरवते. हा चेहरा बदलला आणि नाही ओळखलं तर?"

मी हे बाहेर येऊन बांगबाईंना सांगितलं. त्यांनी पेन खाली ठेवलं. मुलाला बाजूला घेऊन विचारलं, "तुमच्या वडिलांचं काय?"

"बाई, बाबांना आपण जेवलो की नाही ते कळत नाही. आई पंधरा दिवस गेली नाही, तर त्यांना पत्ताही लागणार नाही. आणि मी जाईन ना!" ग्यू-तेक वाईट माणूस नव्हता. टायरचं दुकान चालवायचा, हात कायम काळे. आईचं भलं करायला आला होता तो.

मग बांगबाईंनी आजींना विचारलं, "खरं सांगा. करायचंय का?"

आजींनी दाराशी उभ्या असलेल्या मुलांकडे बघितलं. "पोरं एवढं म्हणतायत तर..."

बांगबाईंनी पेन पुन्हा उचललं. त्यांचा विचार मला आजही चुकीचा म्हणता येत नाही. पापण्या अशाच राहिल्या तर आजी पुन्हा पडणार. खुब्याचं हाड मोडलं तर त्या नामयांगजूला कधीच जाऊ शकणार नाहीत, मग त्या म्हाताऱ्याला कोण? त्यांनी डॉक्टरांशी बोलून पापणीला हात न लावता भुवईच्या खालून कातडी उचलायचं ठरवलं. डोळ्याची घडण तीच राहते, पडदा तेवढा वर जातो. त्याला पैसे थोडे जास्त पडतात, ते पुढच्या बाजूला लिहिले. मागच्या बाजूला लिहिलं की पंधरा दिवस भेटायला जायचं नाही. काळीनिळी सूज बघून आजोबा घाबरतील.

"एवढाच खर्च, आजी," त्या म्हणाल्या. आजींनी कागदाची घडी घातली आणि पिशवीत ठेवली.

शस्त्रक्रिया छान झाली. सातव्या दिवशी टाके काढले. डोळ्यांखाली अजून पिवळं-जांभळं होतं.

"आज जाऊ का तिकडे?" आजींनी विचारलं.

"अजून आठ दिवस," बांगबाई म्हणाल्या.

"भोपळ्याचा रस दोन-दोन पाकिटं पितेय मी. सूज लवकर उतरेल ना?"

"पोट बिघडेल, आजी. सूज तिच्या वेळेनेच उतरते."

"ग्यू-तेक म्हणतो, बाबा मजेत आहेत. माझं नावही काढत नाहीत म्हणे." हे सांगताना आजी हसल्या. मला त्या हसण्याचा राग आला, ग्यू-तेकचा आला आणि माझाही आला. तिसरा नको तर माझ्यापुढेच म्हणून झाला होता.

आता एक गोष्ट मध्येच सांगून टाकते, कारण नंतर सांगायला मन होणार नाही. लोक म्हणतात की या प्रकरणानंतर बांगबाईंनी नोकरी सोडली. साफ खोटं आहे. त्या आणखी तीन वर्षं होत्या, वाटा घेत होत्या, डॉक्टर प्योंशी भांडत होत्या. फक्त मुलाबाळांना आधी खाली चहा प्यायला पाठवून द्यायच्या आणि मगच म्हाताऱ्या माणसांशी बोलायच्या. "एवढाच खर्च" हे शब्द मात्र मी त्यांच्या तोंडून परत ऐकले नाहीत.

सोळाव्या दिवशी सोमवार होता, आम्हाला सुट्टी. "मी येते तुमच्याबरोबर," बांगबाईंनी आजींना आदल्या दिवशीच फोनवर सांगितलं होतं, आणि मलाही ओढून नेलं. बसथांब्यावर आजींनी मान मागे न टाकता लांबूनच बसचा नंबर वाचला. पायरी एका दमात चढल्या. खरं सांगायचं तर त्या सुरेख दिसत होत्या. डोळे तेच, पण कुणीतरी खिडकी पुसून काढल्यासारखे. बांगबाईंनी मला कोपर मारलं. "बघितलंस? घडण तीच आहे. ओळखतील." मलाही तसंच वाटलं.

आजींचे यजमान, मोक आजोबा, वृद्धाश्रमाच्या मोठ्या खोलीत दाराकडे तोंड करून बसले होते. आजी दारातच थांबल्या.

"केवढे वाळलेत हे," त्या म्हणाल्या.

तिथली सेविका म्हणाली, "नाही हो आजी, वजन तेवढंच आहे. दोन वर्षं असेच आहेत की." दोन वर्षं त्या हाच चेहरा रोज पापण्यांच्या फटीतून बघत आल्या होत्या.

पुढे जाऊन त्या नेहमीसारख्या आजोबांच्या शेजारच्या खुर्चीवर बसल्या आणि त्यांचा हात हातात घेतला. आजोबांनी त्यांच्याकडे बघितलं, जरा वेळ बघितलं, आणि मग हात सोडवून घेतला. रागाने नाही, अगदी अदबीने.

"बाई, जरा पलीकडे बसता का? माझी बायको यायची वेळ झालीय. ती इथे बसते."

बांगबाई चटकन पुढे झाल्या. "आजोबा, अहो, याच तर तुमच्या..."

आजींनी हाताने त्यांना थांबवलं. उठल्या आणि एक खुर्ची सोडून पलीकडे बसल्या. मांडीवर पेजेचा डबा होता, तो दोन्ही हातांनी धरून ठेवला.

"रोज येते का तुमची बायको?" त्यांनी विचारलं.

"रोज. बसने येते. हल्ली येत नाही. काल नाही आली. त्याच्या आदल्या दिवशीपण नाही."

सेविका आमच्या कानाशी म्हणाली, "पंधरा दिवस हेच चाललंय. सकाळपासून इथे दाराकडे तोंड करून बसतात. जेवायलाही उठत नाहीत, इथेच कसेबसे चार घास भरवतो. मुलगा आला होता दोनदा, त्यालाही हेच विचारलं. तो म्हणाला, आईला सांगू नका, ती अर्ध्यातच उठून येईल."

बांगबाईंचा चेहरा मी इतक्या वर्षांत तसा कधी बघितला नव्हता. आजी विसरल्या जातील का, याचीच भीती आम्ही सगळ्यांनी धरली होती. त्या म्हाताऱ्याला कुणाची तरी वाट बघता येते, हे आमच्यापैकी एकाच्याही डोक्यात आलं नव्हतं. बांगबाई भिंतीकडे वळल्या आणि रुमाल तोंडावर धरून उभ्या राहिल्या. मला रडू आवरलं नाही.

आजोबा पलीकडे वाकून आजींना म्हणाले, "पोरं मला काही सांगत नाहीत हो. तुम्ही बाहेरच्या दिसता, तुम्ही सांगाल. मेली का ती? मेली असेल तर तेवढं सांगा. मी गोंधळ करणार नाही."

"नाही हो," आजी म्हणाल्या. "चांगली आहे. बघितलंय मी तिला."

"कुठे बघितलंत?"

"घरी. डोळ्यांचं जरा काम निघालं होतं तिचं. आता बरी आहे."

आजोबांनी मोठा श्वास सोडला. मग इकडेतिकडे बघितलं, आणि आवाज खाली आणून म्हणाले, "परत भेटली तर माझं एक काम कराल का? मी जेवतो म्हणून सांगा तिला. पोटभर जेवतो म्हणावं. नाहीतर जिवाला लावून घेते ती."

"सांगते," आजी म्हणाल्या.