पाकळी डावी पडली

नोकरीची शेवटची काही वर्षं मामलेदार कचेरीत देवस्थानांचं टेबल माझ्याकडे होतं. आमच्या गोव्यात देवळांवर देखरेख मामलेदाराची. पोर्तुगीज गेले, पण त्यांचा हा कायदा मुक्कामाला राहिला. कमिटीची निवडणूक आम्ही घ्यायची, महाजनांची, म्हणजे देवळाच्या वंशपरंपरागत हक्कदारांची यादी आम्ही तपासायची, देवाला नवी समई घ्यायची म्हटलं तरी कागद माझ्याच टेबलावरून जायचा. मोठमोठे अध्यक्ष माझ्यासमोर टोपी काढून उभे राहत. मला ते आवडायचं, खोटं कशाला सांगू?

अशात एक दिवस मावशी आली. सख्खी नव्हे, पण पेडण्याकडच्या तिच्या गावात सगळेच तिला मावशी म्हणत. नवरा लवकर गेला, मूलबाळ नाही. देवळाच्या अग्रशाळेत, म्हणजे भाविकांना उतरायला बांधलेल्या खोल्यांतल्या अगदी शेवटच्या खोलीत ती राहायची आणि त्या बदल्यात रोज पहाटे देवाचा वळेसर, म्हणजे फुलांचा हार, करायची. तिच्या आधी तिची सासू करायची. कागद कुठलाच नव्हता. मोपाला विमानतळ झाला, लांबचे भाविक विमानाने येऊ लागले, त्यांना खोलीला लागून न्हाणीघर हवं. कमिटीने अग्रशाळा पाडून नवी बांधायचं ठरवलं आणि मावशीला महिन्याभरात खोली सोड म्हणून सांगितलं.

"बाय, तुमी देवळाचे वयले साहेब," ती म्हणाली. "तुमी सांगलात तर ते ऐकतले."

"ऐकतीलच," मी म्हटलं. किती सहज म्हटलं! तिचा अर्ज मीच लिहिला, मीच तिचा अंगठा घेतला.

सुनावणी लागली. मामलेदारसाहेब भला माणूस. त्यांनी कमिटीला झापलं, म्हातारीला असं काढतात का म्हणाले. अध्यक्ष मान खाली घालून सगळं ऐकत होता. पण हुकूम लिहायची वेळ आली तेव्हा साहेबांनी कायद्याचं पुस्तक उघडलं आणि बराच वेळ बंद केलं नाही. निवडणूक चुकली असती तर कमिटी बरखास्त करता आली असती. खोलीत कोणी राहायचं, हे सांगायचा अधिकार त्या पुस्तकात कुठेच नव्हता. तो दिवाणी कोर्टाचा विषय.

तेवढ्यात अध्यक्ष हात जोडून म्हणाला, "सायबानू, देवाची खोली, देवाची चाकरी. आमी माणसां कित्याक भांडतंव? देवाकच विचारूया. कौल लावूया."

साहेबांचा चेहरा एकदम मोकळा झाला. मावशीने माझ्याकडे पाहिलं. "काय करू गो, बाय?"

इथे मी चुकले. कोर्टाला वर्षं लागतात, पण तोवर मावशीला हात धरून बाहेर काढणं सोपं नव्हतं. ती आत होती, हाच तिचा सगळा आधार होता. हे मला पाठ होतं. तरी मी म्हटलं, "घे कौल, मावशे. देव तुझोच." कारण मी याच मातीतली. लग्नं, घराचा पाया, माझी स्वतःची नोकरी, सगळं कौल घेऊन झालेलं. आणि फाईल एकदाची मिटेल असंही मनात आलं होतं. तेही सांगून टाकते.

सोमवारी सकाळी मी रजा टाकून देवळात गेले. भटजींनी पिटकुळीच्या फुलाच्या पाकळ्या देवाच्या अंगाला लावल्या, काही उजवीकडे, काही डावीकडे. उजवी आधी पडली तर मावशीने राहायचं, डावी पडली तर जायचं. लावताना उजवीकडच्या पाकळ्या त्यांनी आधी गंधाच्या वाटीत टेकवल्या, डावीकडच्या नुसत्या पाण्यात. गंधाची पाकळी लवकर सुटत नाही. मी पाहिलं. की पाहिल्यासारखं वाटलं? गाभाऱ्यात समईचाच काय तो उजेड. ओठावर आलेलं मी गिळलं. देवासमोर भटजींवर संशय घ्यायचा, तोही सगळ्या गावादेखत?

पाकळी डावी पडली.

मावशीने नमस्कार केला, खोलीतली ट्रंक बाहेर काढली आणि दुपारच्या आत किल्ली अध्यक्षांच्या हातात दिली. केरीहून भाचा रिक्षा घेऊन आला.

दुसऱ्या दिवशी मी साहेबांना गंधाचं सांगितलं. ते म्हणाले, "बाई, गाभाऱ्यात माझी सत्ता चालत नाही. आणि किल्ली तिने आपल्या हाताने दिली. तक्रार कोणाची म्हणून लिहू?" त्यांचं चुकलं असं मला आजही म्हणता येत नाही. मी फाईलवर 'उभयपक्षी मिटले' असं लिहिलं. अक्षर माझं नेहमीसारखंच सुबक आलं, त्याचाच मला राग आला.

नंतर एकदा केरीला गेले. भाच्याचं घर बरं होतं, भाचेसून प्रेमळ होती. मावशीला वेगळी खोली होती, समुद्राकडे उघडणारं जनेल होतं. मी मनात म्हटलं, वाईट काय झालं मग? चहा पिताना सून हळूच म्हणाली, "हांगा येयल्यापसून देवळात म्हणान पाय घालूक ना. गावच्या जत्रेकय गेली ना."

मी मावशीला विचारलं, तेव्हा ती माझ्याजवळ सरकून बसली. खोलीचं तिने नावच काढलं नाही.

"चाळीस वर्सां केलंय गो त्याचा. आणि शेवटाक त्यानाच माका भायर घातलान. माझ्या हातसून कायतरी चुकला असतला. रात-दीस आठवतंय, गावणा नाय." मग तिने माझा हात धरला. "तुमच्या कचेरीत सगळां लिवन ठेवतत मां? माझा काय चुकला, ता बगून सांगशीत?"

गंधाचं सांगितलं असतं तर तिला तिचा देव परत मिळाला असता. पण खात्री नव्हती, की धीर नव्हता, मला अजून ठरवता आलेलं नाही. मी म्हटलं, "बगतंय, मावशे." ती समाधानाने मान हलवून माझ्यासाठी आणखी चहा सांगायला उठली.