धरलेलं सुटेना

गेलेला हात परत येतो का, हा प्रश्न मी वर्षभर भेटेल त्याला विचारत होतो. डॉक्टरांना, दूधवाल्याला, देवालाही. आमच्या राजुरीत लग्नाचे फेटे बांधायचे म्हटले की माणसं मला बोलावतात, आणि फेटा काही एका हाताने बसत नाही. उजवा हात कापड फिरवतो, डावा प्रत्येक पीळ कानशिलावर दाबून धरतो. माझा डावाच गेला होता.

गेला तोही भर मांडवात. नवरदेवाच्या डोक्यावर अर्धा फेटा चढला होता, तोंडाने नेहमीची टकळी चालू होती. एकाएकी बोटांतून कापड निसटलं, तोंड वाकडं झालं आणि मी काहीतरी बरळलो. माझा लौकिकच असा, की लोकांना वाटलं हे नवीन सोंग. वऱ्हाड पोट धरून हसलं, एकाने तर शिटी मारली. फक्त एक म्हातारी पुढे आली. तिला मी त्याआधी पाहिलं नव्हतं. म्हणाली, "हसताय काय रं, वारं गेलंय त्याच्या अंगावरनं. गाडी काढा." नवरदेवाच्या वरातीची गाडी होती, तिच्यातून फुलांसकट मला दवाखान्यात नेलं. वेळेत पोचलो, म्हणून गुठळी विरघळवायचं औषध देता आलं. ती म्हातारी कोणाची, हे मी पुढे दोन्ही घरी विचारलं. मुलाकडचे म्हणतात मुलीकडची, मुलीकडचे म्हणतात मुलाकडची.

बोलणं परत आलं (गावाचं नशीब, असं बायको म्हणते), पाय काठीच्या आधाराने चालू लागला. हात मात्र खुंटीवरच्या सदऱ्यासारखा लोंबत राहिला. 'वारं गेलं' या शब्दावर बायकोचा एवढा विश्वास, की ते पुन्हा येऊ नये म्हणून तिने भर उन्हाळ्यात पंखा बंद केला, खिडक्या लावल्या आणि मला कानटोपी घातली. घामाने निथळणारं ते ध्यान पाहून मंचरच्या फिजिओथेरपीवाल्या मॅडमनी कसंबसं हसू दाबलं. वाऱ्याचा यात काही संबंध नाही, मेंदूचा रक्तपुरवठा अडला होता, असं त्यांनी समजावलं. हाताकडे जाणारी मेंदूतली वाट बुजली आहे; रोज हाताला काम सांगत राहिलं तर कधीकधी मेंदू दुसरी पाऊलवाट पाडतो. पुरा येईल का, मी विचारलं. "पुरा, थोडा, किंवा नाही, काका. काम सांगत राहणं आपल्या हातात." आता माझ्या हातात काय आहे, हेच तर मी विचारत होतो.

शेवटी बायको मला लेण्याद्रीला घेऊन गेली. डोलीत बसून मी वरात निघाल्याच्या थाटात वर पोचलो. तिथला गणपती मान वळवून बसलेला, एकच डोळा दाखवणारा. माझंही अर्धं तोंड अजून पुरतं सरळ झालं नव्हतं. आम्ही दोघे एकमेकांकडे बराच वेळ पाहत राहिलो. मागितलं एवढंच, की बाबा, धरण्यापुरता तरी हात दे.

परत निघताना, मॅडमच्या हुकमाप्रमाणे, बायकोने प्रसादाची पिशवी माझ्या डाव्या हातात अडकवली. डोलीत बसणार तेवढ्यात एका माकडाने पिशवीला हिसका दिला. पिशवी गेली नाही. माझी बोटं आवळली होती. माकड ओढतंय, मीही ओढतोय, आणि डोलीवाला काठी आपटत म्हणतोय, "पावणं, सोडा. चावंल ते."

"सोडता येत नाय, राव," मी म्हणालो.

ते अगदी खरं होतं. पिशवी फाटली, माकड नारळ घेऊन पसार झालं, चिंधी माझ्या मुठीत राहिली. ती मूठ बायकोने एकेक बोट उलगडून उघडली. हसत होती की रडत होती, मला कळलं नाही.

मॅडम म्हणाल्या, असंच होतं; धरणं आधी येतं, सोडणं मागून. हात आतून जागा होतच असणार. असेलही, मी भांडत नाही. पण धरण्यापुरतं मीच मागितलं होतं आणि नेमकं तेवढंच मिळालं.

आता रोज पूजेत गणपती म्हणून मांडायची सुपारी मी डाव्या हाताने उचलतो आणि ती पानावर सोडायला बसतो. जोर लावला की मूठ आणखी घट्ट होते. नैवेद्य निवतो, बायको दारातून बघते. मग कधीतरी मनातली घाई ओसरते, बोटं आपसूक सैल होतात आणि सुपारी टक्कन पडते. खरा नमस्कार माझ्याकडून तेव्हा होतो.

परवा कळंबला भाच्याचं लग्न होतं. फेटा मीच बांधला. शेवटच्या पिळाला बोटं कापडात अडकून बसली. मुहूर्त जवळ आला, बाहेर बँडवाले थांबलेले. भाचा मान न हलवता म्हणाला, "निवांत, मामा. मी कुठं जात नाय." मी डोळे मिटले, हाताशी भांडणं थांबवलं. बोटं कोणाच्या इच्छेने उघडली ते मला ठाऊक नाही. माझ्या तर नव्हेच. तुरा जरासा डावीकडे कलला होता. तो सरळ करायला मी हात पुढे केला, आणि तसाच मागे घेतला.