ऑर्डरच्या फाइलमधला फॅक्स
पंचिंग मशीन हातात घेतलं की मला शारजातलं आमचं ब्लँकेटचं दुकान आठवतं. रशियन गिऱ्हाइकांसाठी ठेवलेली आमची सेल्सगर्ल लहानपणी रशियातल्या सिनेमांत गाजली होती, पण मोठेपणी तिला कोणी विचारलं नाही. ती सुट्टीवर असताना रशियनमध्ये फॅक्स आला. मला वाचता येईना, म्हणून त्या गरम कागदाला भोकं पाडून मी तो ऑर्डरच्या फाइलमध्ये लावला. आठवड्याने तो तिच्या हाती लागला. "मॅडम, मला सिनेमात आईचा रोल आला होता. कालपर्यंत कळवायचं होतं." तुमचे आजोबा वैतागले, "अगं, टेबलावर ठेवायचास ना!" तिने फोन लावला, दोन वाक्यं ऐकली, "खलास" म्हणाली आणि गिऱ्हाइकापुढे ब्लँकेट उलगडू लागली. बाळांनो, माझ्या टापटिपीचं तुम्ही कौतुक करता, ते मला अजून टोचतं.