सगळ्यांनी वाचलेला निरोप

आक्का, अक्षर बघून हसू नकोस. चौथीनंतर माझ्या हातात पेन कमी आणि सुईच जास्त आली. ऱ्हस्व-दीर्घ चुकलं असेल तर मनातल्या मनात नीट करून वाच.

चंदगडच्या स्टँडवर तू आम्हांला कोल्हापूरच्या एसटीत बसवलंस. ह्यांना फौंड्रीत काम लागलं होतं. वैशाली माझ्या मांडीवर, पायाशी तांदळाचं पोतं. गाडी हलली तशी तू खिडकीखालून ओरडलीस, "पोत्यात हात घाल गं, मशिनीचं पैसं हायत!" अख्ख्या गाडीनं ऐकलं. मी पदर तोंडावर ओढला. तुझे काजूचे पैसे ते, पाटल्यांसाठी साठवलेले. परत देईन म्हटलं तर म्हणालीस, "आधी नाव काढ. त्याबिगर मी घेणार न्हाय."

नाव काढायचं तर माणसांत जावं लागतं, आणि मला दुकानात सुट्टे मागायचीही लाज. मशीन घेतली, ब्लाऊज शिवले. उरलेल्या कातरणाच्या बाहुल्या केल्या: नवरा, नवरी, फेटेवाले वऱ्हाडी, गाल फुगवलेला सनईवाला. शेजारच्या लग्नात त्या रुखवतात मांडल्या. बायका विचारायच्या, "कुणी केलं हे?" आणि मी मांडवामागं भांडी विसळत. पुढं गल्लीतलीच गिऱ्हाइकं येत राहिली. पैसे घेऊन गावी आले, तर तू माझ्याच पिशवीत परत कोंबलेस. "गल्लीतलं नाव म्हंजे काय नाव झालं व्हय?"

वैशाली कॉलेजात गेली. नेट कॅफेत बसून तिनं एका साईटवर माझ्या नावाचं पान काढलं. फोटोला मी तोंड दाखवेना, म्हणून सुई धरलेल्या हातांचाच लावला. लोक बाहुल्या बघून 'छान' लिहायचे आणि निघून जायचे. मागणी एखादीच, तशी एक इचलकरंजीच्या बाईंची आली.

आता पुढचं तुला आजवर सांगितलेलं नाही. तुझा महेश पुण्यात शिकत होता, तोही त्या साईटवर. त्याला मी निरोप सांगितला, वैशालीनं टाईप केला. मला वाटलं, पाकिटातल्या पत्रासारखा फक्त त्यालाच पोचेल.

"इचलकरंजीच्या बाहुल्या तयार होत्या, पण फेट्याचा रंग ओल्या बोटाला लागला. सगळ्या उसवल्या. कापड माझ्या पदरचं घातलं. त्यांना बोलले नाही, उशीर होईल एवढंच कळवलं. तुझ्या आईला सांगू नकोस, ती गावभर करंल. मेसचं आवडत नाही म्हणून उपाशी राहू नको, शेंगदाण्याची चटणी पाठवते."

दुसऱ्या दिवशी महेशचा फोन. "मावशे, माझी चटणी माझे मित्र मागायलेत! त्यो निरोप समद्यांस्नी दिसतोय की!"

पुसून टाक म्हणून वैशालीला पिटाळलं. तोवर इचलकरंजीच्या बाईंनीच खाली लिहिलं होतं, "म्हणून उशीर झाला व्हय? आमच्या नणंदेच्या लेकीचंही रुखवत तुम्हीच करा." मग सांगलीहून विचारणा आली, बेळगावहून आली, एक तर थेट दुबईहून. एका बाईंनी फोनवर विचारलं, "उसवणाऱ्या बाई त्या तुम्हीच ना?" मी आयुष्यात पहिल्यांदा न अडखळता म्हटलं, "व्हय, मीच."

गेल्या महिन्यात तुमच्या गल्लीतल्या लग्नाला मी आले, तेव्हाचं तर तुला ठाऊकच आहे. गोव्याकडची पाहुणी रुखवत दाखवत तुलाच सांगत होती, "कोल्हापूरच्या बाईंचं काम आहे हे. कंप्युटरवर मोठं नाव आहे त्यांचं." आणि तू ओरडलीस, "अगं, धाकटी भन हाय ती माझी! ही बघ, हितंच उभी हाय!"

अख्ख्या मांडवानं ऐकलं. या खेपेला मी पदर ओढला नाही.

मला कुणी घर कुठलं विचारलं की मी कोल्हापूर सांगते. पण खरं घर म्हणजे तुझा हा आवाज, आक्का. एसटीच्या खिडकीपासून तो माझ्या पाठीशीच आहे.

त्या संध्याकाळी मी पैसे पुढं केले. तू ते मोजलेसही नाहीस. पै न् पै ओच्यात बांधलीस आणि वैशालीला म्हणालीस, "पाटल्या झाल्या की माझ्याबी हातांचा फोटू काढायचा बरं का."