उभं पीक

कोबीचा गड्डा तयार झाला की नाही, हे मावशी अंगठ्याने दाबून सांगायच्या. दबला नाही तर तोडायचा. दबला तर आणखी चार दिवस ठेवायचा. बाजारात त्यांना सगळे कोबीवाल्या मावशीच म्हणत. बाई मोठी स्वच्छतेची. हात दिवसातून वीसदा धुणार, गड्ड्याचं पिवळं पान काढलं तरी इकडेतिकडे टाकणार नाही, खड्ड्यात पुरून वर माती लोटणार. अशा बाईच्या नशिबी अकरा वर्षं जमीन खात्याच्या पायऱ्या झिजवणं आलं, आणि तिथल्याइतकी घाण त्यांनी उभ्या जन्मात पाहिली नव्हती.

झालं होतं एवढंच. अकरा वर्षांपूर्वी नवऱ्याचा पाय मोडला, त्या हंगामात रान रिकामं राहिलं, आणि नेमका त्याच वर्षी आलेल्या मोजणीवाल्याने दप्तरात त्यांच्या शेतापुढे ‘पडीक’ असं लिहिलं. पुढच्या वर्षी कोबी पुन्हा लागली. दप्तरात मात्र कारकून वरच्या ओळीवरून खालची ओळ उतरवत राहिला. चिखल तुडवायला शेतात कोण जातंय! बारा वर्षं सलग पडीक राहिलेली जमीन शेती धरली जात नाही, ती खात्याकडे जमा होते, असा नियम. म्हणजे मावशींच्या हातात एकच वर्ष उरलं होतं.

अर्ज झाले, दावा झाला, वकील दमले. प्रत्येक वेळी हुकूम एकच : जागेवर जाऊन पाहणी करा. आणि पाहणीचे साहेब यायचे ते कोबी तोडून झाल्यावर. मोकळ्या रानाकडे बघून विचारायचे, “कुठं आहे पीक?” मावशी बाजाराच्या पावत्या पुढे करायच्या.

“पावतीवर कोबी आहे, बाई. कुठल्या रानातली, ते कुठं लिहिलंय?”

म्हणून शेवटच्या वर्षी मावशींनी ठरवलं, साहेब बघेपर्यंत एकही गड्डा तोडायचा नाही.

“आई, अहो फुटायला लागलेत,” सून काकुळतीला आली. “निम्मे तरी तोडू या.”

“निम्मे तोडले तर तो निम्मं रान पडीक लिहील. तुला ही माणसं ठाऊक नाहीत.”

साहेबांची तारीख तीनदा पुढे गेली. गड्डे फुटले, काळे पडले, त्यांना पाणी सुटलं. कुजक्या कोबीचा वास ज्याने घेतला नाही तो सुखी. त्यापुढे गटार परवडलं. शेजारी भांडायला आले. मावशी नाकाला फडकं बांधून रोज सऱ्यांमधून चालायच्या आणि त्यांना ओकारी यायची. कोबीची नव्हे, स्वतःची. हाताने वाढवलेलं आपणच सडवतोय, आणि कोणासाठी? ज्यांनी जन्मात एक रोप लावलं नाही त्यांच्यासाठी.

अखेर साहेब आले, पण गाडीतून उतरलेच नाहीत. काच चार बोटं खाली, नाकाला रुमाल.

“साहेब, ओळी बघा. उभं पीक आहे.”

“ही काय घाण करून ठेवलीय, बाई?”

“तुमची वाट बघितली ना, त्याची घाण आहे ही.”

काच वर गेली.

महिन्याभराने कारकुनाने नवा उतारा हातावर ठेवला. ‘पडीक’ खोडून त्याजागी लिहिलं होतं : ‘कुजका कचरा टाकण्याची जागा.’

“झाला की बदल! इतकी वर्षं बदल हवा, बदल हवा म्हणत होता ना?” असं म्हणून तो मेला दात कोरत हसला. मावशींनी घरी येऊन साबणाने दोनदा हात धुतले.

त्यांनी हरकत नोंदवली, कुजकं रानातच गाडलं आणि नवी रोपं लावली. पानं तळहाताएवढी झाली असतील, तोच एका सकाळी बांधाशी कचऱ्याची गाडी येऊन उभी राहिली. एका खात्याने लिहिलं ते दुसऱ्याने लगेच वाचलं. सरकारी काम कधी नव्हे ते इतक्या झपाट्याने झालं.

“मावशी, बाजूला व्हा,” ड्रायव्हर म्हणाला. “कागदावर हीच जागा आहे.”

“खाली उतर आणि बघ.”

तो उतरला. कपड्यांना कचऱ्याचा दर्प, पण रोपावर पाय पडू नये म्हणून सरीतून जपून पावलं टाकत आत गेला.

“हे तर शेत आहे!”

“मग जा परत.”

“भरलेली गाडी परत नेली तर मला कारण लिहावं लागतं.”

“लिही की,” मावशी म्हणाल्या. “आत्ता म्हणालास तेच लिही. आणि मलाही एक प्रत दे.”

त्याने डोकं खाजवलं. मग शिक्का मारलेली फेऱ्यांची वही काढून गाडीच्या चाकावर टेकवली आणि लिहिलं : ‘जागेवर उभं पीक. कचरा टाकता येत नाही. गाडी परत.’ तारीख, वेळ, सही. कार्बनची प्रत फाडून त्याने मावशींना दिली.

सुनावणीला तेच साहेब होते. त्यांनी तो कागद दोन बोटांत लांब धरला.

“याला घाण येतेय.”

“येणारच, कचऱ्याच्या गाडीतला आहे,” मावशी म्हणाल्या. “पण माझ्या रानात पाय ठेवून लिहिलेला तुमच्या दप्तरात तेवढाच आहे.”

साहेबांनी खिशातून रुमाल काढला, नाकाला लावला, आणि दुसऱ्या हाताने ‘लागवडीखाली’ असं लिहिलं.