खिळ्यावरची किल्ली

मी फौजदारसाहेबांचा ऑर्डर्ली होतो. ठाणं लकडगंजच्या बाजूला, लाकडाच्या वखारींच्या मागे. सातवीत शाळा सुटलेली, घर पार कोकणात. खापरखेड्याच्या वीज केंद्रात मामा होता, त्याच्या भरवशावर नागपूर गाठलं. भरतीत माझी छाती अर्धा इंच कमी भरली, तेव्हा "श्वास भर रे, परत मोजा याला," म्हणणारे हेच साहेब. माझ्या पोटातला घास त्यांचा आहे, असं मी समजायचो. अजूनही समजतो.

साहेबांनी चोरट्या सागवानाचे दोन ट्रक पकडले आणि महिन्याभरात त्यांची बदली निघाली, थेट चांद्याच्या जंगलात. ठाण्यात येऊन वर्षही झालं नव्हतं. बाईसाहेबांच्या छातीचं औषधपाणी नागपुरातच चालू होतं. साहेबांनी हुकुमाविरुद्ध कोर्टात अर्ज टाकला. वकिलांनी बजावलं, सुनावणीपर्यंत ठाण्याचा चार्ज सोडू नका. तो एकदा गेला की कोर्ट तरी काय थांबवणार?

साहेब आजारी असल्याची नोंद करून क्वार्टरवर बसले. मुद्देमालाच्या खोलीची किल्ली फौजदाराकडे असायची, आणि ती ज्याच्या हातात त्याचा चार्ज, असं ठाण्यात सगळेच मानत. एरवी रोज सकाळी मीच ती क्वार्टरच्या दाराजवळच्या खिळ्यावरून काढून ठाण्यात न्यायचो. साहेब म्हणाले, "आता ही इथून हलायची नाही."

मग मला जो तो हेर वाटू लागला. दूधवाला जास्त वेळ का थांबला? समोरच्या वखारीतला माणूस इकडेच का बघतो? नवे फौजदार येऊन ठाण्याच्या बाकावर बसलेच होते. रोजनामा लिहिणारा हेड मोहरर एरवी माझ्याशी बोलत नसे, तो पिशवीभर संत्री घेऊन क्वार्टरच्या दारात आला.

"काय गा कोकण्या, साहेब झोपून राहिले का?"

"हो."

"सामान बांधून राहिले का मंग?"

"मला माहीत नाही."

"तुले माहीत नाही? तुले तं त्याईच्या चहातली साखर माहीत असते."

संत्री मी बाईसाहेबांना दिलीच नाहीत. म्हटलं, काय सांगावं.

तिसऱ्या दिवशी सुनावणी. वकील दुपारी बोलावणार होते. सकाळी आठला मी साहेबांचे बूट पुसले, टोपी चढवली आणि ठाण्याकडे निघालो. रस्त्यावरच्या प्रत्येक सायकलवाल्याकडे बघत गेलो. ठाण्यात पोचून रोजच्यासारखं मुठीतलं मोहररच्या टेबलावर ठेवलं, तेव्हा कळलं की मुठीत किल्ली होती.

मी हात पुढे केला. त्याचा आधीच किल्लीवर पडला होता. "राहू दे गा," म्हणाला, आणि लिहायला लागला: ऑर्डर्लीच्या हाती किल्ली पाठवून चार्ज दिला. बाकावरचे नवे फौजदार उठून साहेबांच्या खोलीत गेले.

मी पळत क्वार्टर गाठलं. झालं ते साहेबांना सांगितलं.

"कोणी मागितली?"

"कोणी नाही, साहेब."

"मग?"

"रोजची सवय."

आतून बाईसाहेब म्हणाल्या, "काहून नेली रे बाबा? आजच काहून?"

वकिलांनी माझं प्रतिज्ञापत्र लिहिलं: किल्ली साहेबांनी पाठवली नाही, मी चुकीने नेली. "वरच्यांच्या विरोधात सही करतोयस," ते म्हणाले, "तुझी नोकरीही जाऊ शकते." मी सही केली.

न्यायाधीशांनी ते वाचलं आणि विचारलं, चार्ज दिल्याच्या कागदावर साहेबांची सही कुठे आहे? ती नव्हती. निकाल लागेपर्यंत बदलीला स्थगिती मिळाली.

संध्याकाळी साहेब खुर्चीवर परत बसले. मोहररने किल्ली दोन्ही हातांनी दिली. बाईसाहेबांनी मला शिरा वाढला. साहेब माझ्या पाठीवर थाप मारून म्हणाले, "वाचवलंस." मला रडू आलं.

दुसऱ्या दिवशी आठ वाजता मी टोपी चढवली आणि खिळ्याकडे हात नेला. खिळा रिकामा होता. साहेब दारात उभे होते, सदऱ्याच्या खिशाचं बटण लावत. "चल," म्हणाले.

मी साहेबांची सायकल धरून त्यांच्या मागे चालत राहिलो. त्यानंतर किल्ली माझ्या हातात आली नाही, आणि मी कधी विचारलं नाही.