लक्क्याचं मोडकं पीस

माझी धाकटी जाऊ सत्यवती. बरकतपुऱ्यात आमच्या घरी लग्न होऊन आली तेव्हा कबुतराला हात लावायला घाबरायची. लक्का म्हणजे पंख्यासारखी शेपटी उभारणारं, पांढरंशुभ्र, निव्वळ मिरवायचं कबूतर, हे मीच तिला सांगितलं. दाणा निवडणं, अंघोळीचं घमेलं ठेवणं, सगळं मीच शिकवलं. कुठून अवदसा आठवली, देव जाणे!

काचीगुड्यातल्या एका ऑफिसात ती टायपिंग करायची. घरी आली की पर्स टाकून थेट गच्चीवर. दीर गेल्यापासून तर तिथंच असायची, पक्ष्यांशी बोलत. सगळे म्हणायचे, सत्यवतीच्या हातात पक्षी लगेच शांत होतो. आणि माझ्या हातात काय काटे होते? नऊ वर्षं कबुतरांच्या प्रदर्शनात पहिला नंबर माझाच होता की!

चौऱ्याण्णव साली कुठल्याशा कंपनीने पहिल्या बक्षिसाला स्टीलच्या डब्याऐवजी रंगीत टीव्ही लावला. टीव्ही गेला खड्ड्यात. पण एकदा गच्चीवर सत्यवतीच्या मादीने शेपटी उभारली आणि आमचे हे, हिम्मतराव, चक्क "वा!" म्हणाले. माझ्या पक्ष्यांपुढे नऊ वर्षं जांभया दिल्या या माणसाने. माझ्या अंगाचा तिळपापड झाला.

दिवाळीत तिच्या मादीच्या शेपटीतलं एक पीस मोडलं.

"अक्का, उपटू का कापू?"

मुळासकट उपटलं तर दोन महिन्यांत नवं येतं. कापलं तर पुढची पिसं झडेपर्यंत खुंट तसाच राहतो. प्रदर्शन जानेवारीअखेर होतं. मला सगळं ठाऊक होतं.

"काप," मी म्हणाले.

"हौ अक्का," म्हणत ती कात्री आणायला गेली.

मग मी भाचीच्या लग्नाला आठ दिवस औरंगाबादला गेले. परत आले तर सत्यवती हसत समोर. "अक्का, तुमच्याही मादीचं एक पीस मोडलं होतं. तुम्ही सांगितलं होतं तसंच, एकदम साफ कापून टाकलं."

"बरं केलंस," म्हणाले. दुसरं काय म्हणणार, कप्पाळ?

अजून वेळ होता. खुंट उपटला असता तर पीस आलं असतं. पण गच्ची एकच, खुराडी शेजारी-शेजारी. माझ्या मादीला नवं पीस फुटलेलं तिला दिसलं असतं आणि तिनेही आपल्या मादीचा खुंट उपटला असता. रोज माझा हात त्या खुंटापर्यंत जायचा. रोज मी तो मागे घेतला.

प्रदर्शनात परीक्षकाने दोन्ही शेपट्या बघितल्या आणि दोन्ही पिंजरे बाजूला सरकवले. टीव्ही पुण्याहून आलेल्या एका कॉम्प्युटरवाल्याने नेला.

सत्यवती तिथंच ढसाढसा रडायला लागली. मला आतून जरा बरंच वाटलं, खोटं कशाला बोलू? तिच्या पाठीवर हात ठेवून म्हणाले, "रडू नको गं, पुढच्या वर्षी तुझी मादी जिंकेल."

"माझ्या मादीचं कुठं रडतेय मी," ती म्हणाली. "तुमचं दहावं वर्ष होतं अक्का. मी कापलं ना तुमचं पीस."